खारपाणपट्ट्यातलं एक घर: चार वारस, एक पडकी भिंत आणि सव्वापाच लाख

अमरावती जिल्ह्यातल्या दर्यापूर तालुक्यात, पूर्णेच्या खोऱ्यातल्या खारपाणपट्ट्यात, म्हणजे जमिनीखालचं पाणी खारं असलेल्या भागात, एका गावात चार खणांचं धाब्याचं, म्हणजे मातीच्या सपाट छताचं घर आहे. जुलैतल्या झडीत त्याची पश्चिमेकडची भिंत बसली. माणूस-जनावर कोणी सापडलं नाही. तलाठी आले, पंचनामा झाला. आपत्ती निधीच्या २०२२ ते २०२६ च्या निकषांप्रमाणे अंशतः पडलेल्या कच्च्या घराला ४,००० रुपये मिळत होते. घर पूर्ण पडलं असतं तर सपाट भागात १ लाख २० हजार मिळाले असते. एक भिंत पडणं म्हणजे अंशतः. चार हजारांत ती भिंत उभी होत नाही, तिचा मलबा कसाबसा उचलून होतो.

प्रश्न असा होता: तीच भिंत मातीत पुन्हा घालायची, घर पाडून स्लॅबचं बांधायचं, की गाव सोडून दर्यापुरात प्लॉट घ्यायचा?

हे कुटुंब म्हणजे कोणतंही एक खरं घर नाही. या पट्ट्यात घरोघरी जे दिसतं ते एका घरात बसवलं आहे, आणि घरखर्चाच्या रकमा हिशेब कळावा म्हणून धरल्या आहेत. योजनांचे नियम आणि सरकारी दर आहेत तसेच दिले आहेत.

घरात माय आहे, वय ६२. थोरला ३९ वर्षांचा. सहा एकर कोरडवाहू तोच करतो, त्याला बायको आणि दोन पोरं. धाकटा ३३ वर्षांचा, चाकणला एका कारखान्यात कंत्राटी कामगार, लग्न व्हायचं आहे. बहीण अंजनगावला दिली. बाप पाच वर्षांपूर्वी गेला. आजोबा १९९४ मध्ये गेले, आणि कागदावर हे घर अजून आजोबांचंच होतं.

मालकी सगळ्यांचीच, कागद कोणाचा?

२०११ च्या जनगणनेत भारताच्या ग्रामीण भागातली ९४.७ टक्के कुटुंबं स्वतःच्या घरात राहत होती, शहरात ६९.२ टक्के. नंतरची जनगणना लांबली, पण खेड्याचं चित्र फार बदललं असेल असं वाटत नाही. हा आकडा वाचून खेडी घरांच्या बाबतीत श्रीमंत आहेत असं कोणी म्हटलं, तर त्याला हे घर दाखवावं. खेड्यात घर भाड्याने घेण्याची सोयच नसते. शिक्षक, ग्रामसेवक, नर्सबाई सोडल्या तर भाडेकरू कोण? त्यामुळे जो राहतो तो मालक धरला जातो. घर विकत घेणाराही गावात क्वचितच भेटतो. गावठाणातलं घर बाहेरचा माणूस घेत नाही. भाऊबंदापैकी कोणी घेतलं तर घेतलं, तेही पडक्या भावात. म्हणून इथे घर येतं ते वारशाने, वाटणीने किंवा बांधून.

या घराचा एकमेव कागद ग्रामपंचायतीचा नमुना ८. अनेकांच्या मते तोच मालकीचा उतारा. प्रत्यक्षात तो कर आकारणीची नोंद आहे: कोणत्या मिळकतीवर किती घरपट्टी आणि ती कोणाकडून वसूल करायची. मालकी त्याने सिद्ध होत नाही, आणि बँक त्यावर घरकर्ज देताना हात आखडता घेते. गावठाणाला सातबारा नसतो, म्हणून ही पोकळी पिढ्यानपिढ्या राहिली.

ती भरून काढण्यासाठी केंद्राने २४ एप्रिल २०२० ला स्वामित्व योजना आणली. ड्रोनने गावठाणाची मोजणी करायची, चौकशी करायची आणि घरमालकाला मालमत्ता पत्रक द्यायचं. या गावातही ड्रोन उडाला. चौकशीच्या दिवशी थोरला डवरणीला गेला होता. वारसाचे कागद कोणी नेले नाहीत. नमुना ८ वर जे नाव होतं तेच पुढे गेलं, आणि चकचकीत नवं पत्रक आलं ते तीस वर्षांपूर्वी वारलेल्या आजोबांच्या नावाने. यात योजनेचा दोष कमी. ड्रोन भिंती मोजतो, नातं मोजत नाही. पण घराघरातली चूक सरकारी शिक्क्याने पक्की झाली, हेही खरं.

आजोबांना एकच अपत्य होतं, हे या कुटुंबाचं नशीब. माय, दोन भाऊ आणि बहीण एवढेच चार वारस. दोन-तीन आत्या असत्या तर त्यांची मुलं, नाती, कोणी सुरतेला, कोणी नागपूरला, असा पसारा गोळा करता करताच घर पडलं असतं.

घरकुलाचं दार

पहिला विचार सगळ्यांच्या मनात घरकुलाचाच आला. प्रधानमंत्री आवास योजना ग्रामीण यात सपाट भागासाठी १ लाख २० हजार मिळतात. राज्याने २०२५ मध्ये त्यात ५० हजारांची भर घातली, त्यातले ३५ हजार बांधकामाला आणि १५ हजार सौर पॅनलला. शौचालयाचे १२ हजार वेगळे. रोजगार हमीतून ९० दिवसांची मजुरी, २०२५-२६ च्या ३१२ रुपये दराने २८,०८० रुपये. सौर बाजूला ठेवलं तर बांधकामाला १ लाख ९५ हजार ८० रुपये. घर किमान २५ चौरस मीटरचं, म्हणजे २६९ चौरस फूट. फुटाला १,५०० रुपये धरले तरी चार लाख लागतात. म्हणजे घरकुल मिळालं तरी अर्धं घर स्वतःच्या खिशातून. गावोगाव जोत्यावर किंवा छतापर्यंत येऊन थांबलेली घरकुलं दिसतात. त्यांच्यामागे आळस शोधणाऱ्यांनी आधी ही वजाबाकी करावी.

थोरल्याला मात्र अर्धंही मिळण्यासारखं नव्हतं. २०२४ च्या सुधारित निकषांत मोटारसायकल आणि फ्रिज आता आड येत नाहीत, हे चांगलं झालं. पण पाच एकर किंवा त्याहून जास्त कोरडवाहू जमीन असलेलं कुटुंब बाद. ५० हजार किंवा त्यावर मर्यादेचं किसान क्रेडिट कार्ड असलेलंही बाद. थोरल्याची सहा एकर आहे आणि पीककर्जाचं कार्ड लाखाच्या वर. कपाशी पेरणारा शेतकरी बँकेकडून कर्ज घेतो, तेव्हा ते कार्ड त्याच्या देण्याचा पुरावा असतं. घरकुलाच्या यादीत तेच त्याच्या ऐपतीचा पुरावा ठरतं. माझ्या मते संपूर्ण निकषांत ही अट सगळ्यात आंधळी आहे. जो सावकाराकडून घेतो तो पात्र आणि बँकेकडून घेणारा अपात्र, असा तिचा अर्थ निघतो.

शिवाय कच्च्या घरात दोनपर्यंतच खोल्या असाव्यात अशीही अट. इथे चार खण. गावात यावर सर्वांना ठाऊक असलेला उपाय म्हणजे चूल वेगळी दाखवणं. रेशनकार्ड फोडायचं, वाटणीपत्र करायचं, दोन भावांची दोन कुटुंबं, प्रत्येकाकडे दोन खोल्या आणि जमीन पाच एकरांच्या आत. हे खोटंच असतं असं नाही. कित्येक घरांत चुली खरोखर वेगळ्या झालेल्या असतात आणि कागद मागे राहिलेला असतो. या घरात मात्र चूल एकच होती. धाकटा म्हणाला, करून टाकू. माय नाही म्हणाली. तिचं कारण नियमाचं नव्हतं. कागदावर एकदा वेगळं झालं की पुढे मनानेही होतात, एवढंच तिने सांगितलं आणि विषय संपला.

तालुक्याला प्लॉट

धाकट्याचा जीव दर्यापुरात होता, आणि त्याला कारण लग्न. कापूस पिकवणाऱ्या घरातल्या पोरांना मुली मिळत नाहीत हे वऱ्हाडात आता कोणी लपवत नाही. स्थळ पाहायला आलेले पाहुणे जमीन किती हे नंतर विचारतात; आधी पगार, मग तालुक्याला घर आहे का. धाब्याच्या घरात मुलगी द्यायची नाही, हे तोंडावर बोलत नाहीत, पण निरोप पुन्हा येत नाही. तालुक्याच्या ले-आउटमध्ये प्लॉट घेणारा आज कोण आहे ते पाहिलं की हे कळतं: शिक्षक, पोलीस, एसटीतला कर्मचारी, कृषी केंद्रवाला, आणि पुण्या-मुंबईत पगार असलेला मुलगा ज्याचे आईबाप गावात आहेत. निव्वळ शेतीवर प्लॉट घेणारा शोधावा लागतो.

धाकट्यापुढे दोन वाटा होत्या. पहिली, एन.ए. (बिगरशेती) झालेल्या ले-आउटमध्ये प्लॉट घेऊन कर्जाने घर. १२ लाखांचं कर्ज, ९ टक्के व्याज, २० वर्षं: हप्ता महिन्याला साधारण १०,८०० रुपये आणि शेवटी २५ लाख ९० हजारांच्या वर परतफेड. दर्यापूर नगरपरिषदेचं गाव असल्याने शहरी आवास योजनेच्या दुसऱ्या टप्प्यात व्याजावर सवलत मिळू शकते, पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के, जास्तीत जास्त १ लाख ८० हजार. पण कंत्राटी पगार २२ हजार, त्यात चाकणची खोली आणि मेस. जो कंत्राटदार दर अकरा महिन्यांनी कागद बदलतो, त्याच्या भरवशावर वीस वर्षांचा हप्ता?

दुसरी वाट जास्त मोहाची होती. रस्त्याकडेच्या शेतात पाडलेले दीड-दोन गुंठ्यांचे तुकडे, निम्म्या भावात. "खरेदी नंतर लावून देऊ, आता नोटरी करू." इथे थांबायलाच हवं. १०० रुपये किंवा त्याहून जास्त किमतीच्या स्थावर मिळकतीची विक्री नोंदणीकृत दस्तानेच होते. नोटरीच्या शिक्क्याने मालकी जात नाही. १९४७ च्या तुकडेबंदी कायद्याच्या विरुद्ध पाडलेल्या तुकड्यांची खरेदी लागणं हाच मुळी अडचणीचा भाग. शासन अधूनमधून असे तुकडे नियमित करायची संधी देतं, आणि प्लॉट विकणारा तीच बातमी दाखवून गिऱ्हाईक पटवतो. मागच्यांना मिळालेली माफी आपल्यालाही मिळेल, या आशेवर दोन लाख देणं हा जुगार आहे. धाकट्याने इसाराचे पैसे दिले नव्हते, ही गोष्ट पथ्यावर पडली.

मायने तिचं आधीच सांगून टाकलं होतं: "मी तालुक्याले येत नाही. मले इथूनच जाचं हाये."

बहिणीची अट

उरलं ते जुन्या जागेवर बांधणं. ठरलं असं: समोरचे दोन खण पाडून तिथे दोन खोल्या, न्हाणी आणि संडास, स्लॅबचं. मागचे दोन खण मातीचेच ठेवायचे, त्यांच्या धाब्यावर टिना चढवायच्या. पण आधी कागद, असा आग्रह धरला तो बहिणीने. भाऊ म्हणत होते, तू हक्कसोड कर, म्हणजे तुझा हिस्सा आम्हाला सोडून दे, मग आम्ही वारस लावून घेतो. मुलींनी हक्कसोड करायचं हा इथला रिवाज आहे, रक्षाबंधनाच्या ओवाळणीइतका गृहीत धरलेला. २००५ च्या दुरुस्तीने मुलगी वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकीच सहहिस्सेदार झाली, तरी गावात बदल झाला तो एवढाच की आता सही मागावी लागते. आधी विचारतही नव्हते.

बहीण म्हणाली, "माह्यं नाव राहू द्या. मले घर नाही पायजे. पन मायले कोनी उठ म्हनाले नाही पायजे."

थोरल्याला हे लागलं. पंधरा दिवस बोलणं बंद होतं. मला मात्र या संपूर्ण प्रकरणात सगळ्यात शहाणं वाक्य हेच वाटतं. बहिणीचं नाव कागदावर आहे तोवर तिच्या सहीशिवाय घर विकलं जाणार नाही, गहाण पडणार नाही. उद्या कर्ज अंगावर आलं, वाटणी निघाली, तरी मायच्या डोक्यावरचं छप्पर कोणाच्या एका सहीने जाणार नाही. याची किंमतही आहे. चार नावांच्या घरावर बँकेकडून कर्ज काढणं आणखी अवघड होतं, आणि पुढच्या पिढीत चाराचे आठ वारस होतील. दोन्ही बाजू मांडल्यावर घर विकायचं नसलेल्या कुटुंबाने पहिली निवडावी, असं माझं मत.

मग मृत्यू दाखले, वारसांचं प्रतिज्ञापत्र, ग्रामपंचायतीकडे अर्ज, भूमी अभिलेखकडे पत्रकावरच्या वारस नोंदीचा अर्ज. नमुना ८ वर मायचं नाव पहिलं लागलं. मालमत्ता पत्रकावरची नोंद अजून व्हायची आहे.

काळी माती आणि खारं पाणी

बांधकामाचा हंगाम इथे तूर निघाल्यापासून मृगापर्यंत, म्हणजे पाणी सगळ्यात कमी असतं तेव्हाच. या पट्ट्यात घर बांधताना दोन शत्रू. एक जमीन. काळी माती पावसाळ्यात फुगते, उन्हाळ्यात आकसते; मे महिन्यात शेतात हात जाईल एवढ्या भेगा पडतात, त्याच घराखालीही पडतात. मातीची दोन हात रुंद भिंत ही हालचाल सोसते. विटा-सिमेंटची नऊ इंची भिंत सोसत नाही, खिडकीच्या कोपऱ्यातून तिरपी तडकते. पूर्णेच्या खोऱ्यात गाळ इतका खोल की मुरूम लागेपर्यंत खोदू म्हणणं व्यर्थ. म्हणून पायाखालची काळी माती काढून वाळू-मुरमाची भर, वर लोखंडाचा जोता-बीम, आणि घराभोवती उताराची फरसबंदी, जेणेकरून छताचं पाणी पायाशी मुरणार नाही. ठेकेदार पहिली कात्री जोता-बीमला लावतो, कारण तो नंतर दिसत नाही. थोरल्याने फरशी साधी घेतली आणि बीम सोडला नाही.

दुसरा शत्रू पाणी. अमरावती, अकोला, बुलढाण्याचा हा खारपाणपट्टा. बोअरचं पाणी गुरंही नाइलाजाने पितात. सळईच्या काँक्रीटसाठी पाण्यात क्लोराइड लिटरला ५०० मिलिग्रॅमच्या वर नसावं असं भारतीय मानक आहे, सळई नसलेल्या काँक्रीटला २,००० पर्यंत चालतं. क्षार जास्त असले की आतली सळई गंजते, फुगते आणि दहा-बारा वर्षांत स्लॅबचे पोपडे खाली पडतात. गावातल्या जुन्या स्लॅबांकडे मान वर करून पाहावं, उघड्या सळया दिसतात. मिस्त्री म्हणाला, सगळे बोअरचंच वापरतात. थोरल्याने स्लॅबला आणि तराईला (काँक्रीट ओलं ठेवायला) शहानूर धरणाच्या योजनेचं नळाचं पाणी साठवलं, बाकी गोड्या पाण्याचे टँकर आणले. याला १२ हजार गेले. साऱ्या खर्चात मला हाच सर्वांत किफायतशीर वाटतो.

३२० चौरस फुटांचा हिशेब असा बसला. पाया आणि जोतं १ लाख ३५ हजार, भिंती १ लाख ५ हजार, स्लॅब १ लाख ३० हजार, प्लास्टर-फरशी-दारं ९५ हजार, न्हाणी-संडास ४० हजार, टँकर १२ हजार. एकूण ५ लाख १७ हजार. पैसे आले ते धाकट्याच्या बचतीतून १ लाख ७० हजार, तूर आणि राखलेल्या कापसाचे १ लाख १० हजार, वहिनीच्या, म्हणजे थोरल्याच्या बायकोच्या, बचत गटाकडून ६० हजार, तिच्याच पोत आणि बांगड्यांवर सोनेतारण ९० हजार. राहिलेले ८७ हजार सिमेंट-लोखंडाच्या दुकानाची उधारी, पुढच्या कापसावर. लांब धाग्याच्या कापसाचा २०२५-२६ चा हमीभाव ८,११० होता. खेड्यावर हातात ७,२०० पडले असं धरलं तर ही उधारी म्हणजे बारा क्विंटल कापूस. चार एकर कपाशीतून बावीस क्विंटल येतो.

दीड लाखाचा भार सुनेच्या नावावर आणि तिच्या दागिन्यांवर, आणि घराच्या कागदावर तिचं नाव कुठेच नाही. घराच्या नोंदीत नवरा-बायको दोघांची नावं लावा असा शासनाचा जुना आदेश आहे. पण इथे नवराच चार वारसांपैकी एक. यावर घरात कोणी बोललं नाही. तीही नाही.

राहायला गेल्यानंतरचा खर्च

धाब्याच्या घराला दरवर्षी पावसाळ्याआधी माती टाकावी लागे, भिंती लिंपाव्या लागत, सारवण तर बारमाही. रोख खर्च तीन-चार हजार. श्रम मायचे आणि सुनेचे, आणि ते कोणत्याच वहीत लिहिले गेले नाहीत. स्लॅबच्या घरात हे श्रम वाचले आणि त्यांची जागा रोख पैशाने घेतली. सोनेतारणाचं व्याज १० टक्क्यांनी वर्षाला ९ हजार, गटाचं १२ टक्क्यांनी पहिल्या वर्षी ७ हजारांच्या आसपास. बांधकाम बदललं की घरपट्टीची आकारणी बदलते. पाणीपट्टीसह २,६०० धरले. मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो तेव्हा धाब्याखाली दुपारची झोप लागते, स्लॅबखाली कूलरशिवाय लागत नाही; विजेचे वर्षाला ६ हजार जास्तीचे. रंग, गळती, भेगा बुजवणं यासाठी ५ हजार बाजूला. सगळं मिळून वर्षाला तीस हजारांच्या घरात. या घराचा चार क्विंटलांहून जास्त कापूस आता दरवर्षी घरच खाणार आहे, निदान कर्ज फिटेपर्यंत.

माय उन्हाळ्यात मागच्या धाब्यातच झोपते. पाहुणे आले की समोरच्या खोलीत बसतात.

धाकट्याचे १ लाख ७० हजार मात्र कुठेच लिहिलेले नव्हते. उद्या त्याचं लग्न होईल, तो चाकणलाच राहील, आणि थोरला म्हणेल घर मी बांधलं. हे भांडण या तालुक्यातल्या कोर्टात रोज उभं राहतं. बहिणीच्या सांगण्यावरून शेवटी एक कागद केला: कोणी किती घातले, उधारी कोण फेडणार, पुढे वाटणी झाली तर बांधकामातले धाकट्याचे पैसे आधी हिशेबात धरायचे, आणि वहिनीचे दागिने सोडवल्याशिवाय घरावर दुसरा खर्च नाही. चौघांच्या सह्या, वहिनीची पाचवी. हा कागद मालकी देत नाही, पण कोणी काय घातलं याचा पुरावा होतो. वाटणीपत्र म्हणून तो वापरायचा असेल तर नोंदणी लागेल, आणि त्याला माय अजून तयार नाही.